बत्ती कुठल्या हाताला?

दत्ता,

काल सकाळी तुला समुद्रात सोडून आलो. इब्राहिमचाचांच्या होडीतून गेलो होतो. तुझा धाकटा भाऊ, मी, आणि पांढऱ्या फडक्यात बांधलेला तू. चाचांनी सत्तरी ओलांडली, हात थरथरतो, पण सुकाणू दुसऱ्या कुणाला द्यायला तयार होईनात. होडीत काय झालं ते तुला सांगायचंय, पण ते शेवटी सांगीन. सगळ्यात महत्त्वाचा तुकडा आधीच दाखवून टाकला की पुढं लोक खुर्चीत चुळबुळ करतात, हे तुझंच शिकवणं.

पेपरात चार ओळी आल्या. त्यात तुझं वय चुकलंय आणि तुला 'व्हिडिओ शूटिंगचे व्यावसायिक' म्हटलंय. आयुष्यात तू कधी कॅमेऱ्याला हात लावला नाहीस. मी चिडून दुरुस्ती द्यायला निघालो, तर नलूवहिनी म्हणाल्या, राहू दे, ते असते तर त्यांना हसूच आलं असतं. खरंय. तुझी आई शेवटपर्यंत शेजारणींना सांगायची की आमचा दत्ता शिनेमात कापाकापी करतो, आणि त्यांतल्या निम्म्या तुला शिंपी समजायच्या. एकीनं तर तुझ्याकडं ब्लाउजपीस पाठवला होता. तूही तो हसत ठेवून घेतलास आणि वहिनींकडून शिवून परत केलास.

तुझ्या कामाची सवय तुझ्या जगण्यात इतकी शिरली होती की तुझ्याशी गप्पा मारणं म्हणजे परीक्षाच. मी काही सांगायला लागलो की तू बोटांची कात्री करायचास. "मध्या, तू बाजारात पोचलास इथून सुरू कर. घरातून निघालास ते नको." जेवणाच्या पंक्तीत तू हे माझ्या सासऱ्यांच्या बाबतीतही केलंस, आणि ते आजतागायत तुझ्यावर रागावलेले आहेत. परवा दारात आले होते. चपला न काढता उभे राहिले आणि तसेच परत गेले.

आणि तुझं ते निघणं. आपल्याकडं माणूस निघाला की 'येतो' म्हणतो, मग उंबऱ्यात अर्धा तास, मग गेटाशी पाव तास. तू कधीच 'येतो' म्हटलं नाहीस. माणूस उठला की कापायचं, त्याचं दारापर्यंत चालणं कुणाला बघायचंय, म्हणायचास. गेल्या मंगळवारी दुपारी माझ्या स्टुडिओच्या मागच्या खोलीत चहाचा कप खाली ठेवलास, उठलास, आणि तेवढंच. डॉक्टर म्हणाले, पडायच्या आधीच गेले असावेत. मी तुझ्यावर इतका चिडलोय, दत्ता, की सांगता येत नाही. निदान दारापर्यंत तरी चालत जायचंस.

मुंबईतल्या तुझ्या संकलनाच्या खोलीत मी पहिल्यांदा आलो तो दिवस आठवतो. मला वाटलं, हा माणूस फिल्म खातो की काय. गळ्यात चार पट्ट्या लोंबतायत, दोन दातांत धरलेल्या, मागं खिळ्यांना शेकडो टांगलेल्या आणि खाली कापडी पिशवीत त्यांच्या शेपट्या. नवी पट्टी जोडायच्या आधी तू ती खालच्या ओठाला टेकवायचास. मी कारण विचारलं. फिल्मवर ज्या बाजूला चित्राचा थर असतो ती बाजू ओलसर ओठाला किंचित चिकटते, दुसरी चिकटत नाही, असं तू सांगितलंस. बाजू चुकली तर चित्र उलटं दिसणार, डावं उजवीकडं जाणार. मी तेव्हा दहा वर्षं फोटो काढणारा माणूस. ऐटीत म्हणालो, मला नुसती उजेडात तिरकी धरली तरी बाजू कळते. तू हसलास आणि म्हणालास, "कळते रे. पण घाईत डोळे सवयीनं बघतात." त्या वेळी मला तो उगाचचा शहाणपणा वाटला होता.

तू तिथं मोठ्या चित्रपटांवर काम केलंस, पण मला आठवतं ते तुझं एकच भांडण, जे तू माझ्याशी आयुष्यभर भांडलास. माणूस पडद्यावर रडायला लागला की थांबायचं की कापायचं? माझं म्हणणं, थांबायचं. लोकांनी तिकीट त्यासाठीच काढलेलं असतं. तुझं म्हणणं, डोळे भरले की कापायचं, पुढचं बघणाऱ्यानं आपल्या घरी नेऊन रडायचं. एका सिनेमात तू नायिकेचं अख्खं रडणं उडवलंस, निर्मात्यानं ते परत घालायला लावलं, आणि प्रदर्शनाच्या दिवशी प्रेक्षक तिथंच खोकायला लागले. ते तू मला किमान तीसदा सांगितलंस. तरी मला अजून पटलेलं नाही, हे लक्षात ठेव.

वडील आजारी पडले म्हणून तू रत्नागिरीला आलास आणि राहिलास. माझ्या स्टुडिओच्या मागच्या खोलीत तुझं टेबल लागलं. मुंबईहून टेम्पोतून तुझी यंत्रं आली तेव्हा अर्धी आळी बघायला जमली होती. आपल्या गावात टीव्हीचा टॉवर उभा राहून वर्षही झालं नव्हतं. टीव्हीच्या केंद्रातल्या तुझ्या ओळखीच्या साहेबांनी तुला अर्ध्या तासाचा माहितीपट दिला: भाट्याच्या खाडीतले होडीवाले. हा जमला तर आणखी चार, असा शब्द होता. होड्या बांधणारे सुतार, पोफळीच्या वीजघरातले कामगार, सावर्ड्याचा बाजार आणि एक तू ठरवशील तो. साहेबांना सुरुवात गणपतीपुळ्याच्या देवळानं हवी होती. तू म्हणालास, देवळाचे फोटो मधूच्या स्टुडिओत मिळतात, ज्याला हवे त्यानं घ्यावेत. तू इतका खुशीत मला त्याआधी किंवा त्यानंतर दिसला नाहीस.

माहितीपटाचा नायक म्हणजे इब्राहिमचाचा. चाळीस वर्षं होडीच्या सुकाणूवर तांडेलकी केलेला माणूस. खाडीच्या तोंडाशी वाळूचा पट्टा आहे, भरतीला दिसत नाही, आणि बाहेरून येणाऱ्या होडीनं किल्ल्यावरचं दीपगृह डाव्या हाताला धरूनच आत शिरायचं असतं. चाचा दीपगृहाला बत्ती म्हणतात. पूर्ण माहितीपटाचा कणा म्हणजे तो एक तुकडा: चाचा सुकाणूवर, डाव्या खांद्यामागं टेकडी आणि बत्ती, चेहऱ्यावर ऊन, काही बोलत नाहीत, फक्त होडी आत आणतायत. त्या दहा सेकंदांसाठी कॅमेरावाल्याला तू तीन दिवस होडीत ओकाऱ्या काढायला लावल्यास.

आता मी जे लिहितोय ते तुला तोंडावर सांगायला माझ्याकडं पाच वर्षं होती.

ज्या सकाळी फिल्म मुंबईला जायची होती त्या सकाळी तू आंघोळीला आणि बॅग आणायला घरी गेलास. एसटी नऊची. जाताना म्हणालास, रिळाला हात लावू नको, मी येऊन गुंडाळतो. मी हात लावला. म्हटलं, तुझा वेळ वाचेल. हातानं गुंडाळत असताना यंत्राला झटका बसला आणि नेमका तो तुकडा दोन्ही टोकांना सुटून माझ्या हातात आला. मी घाबरलो नाही. तुला जोडताना शंभरदा पाहिलं होतं. चिकटपट्टी लावली, दाबली, पुढचं गुंडाळलं. माझ्या डार्करूममध्ये निगेटिव्ह यंत्रात घालताना चित्राचा थर खाली, कागदाकडं ठेवायचा असतो. वीस वर्षांची सवय. तुझ्या टेबलावर थर वर असतो. त्या फिल्मला दोन्ही कडांना भोकं होती, त्यामुळं उलटी असूनही ती जोडायच्या यंत्राच्या दातांत अगदी बरोबर बसली. ओठाला लावायचं मला सुचलं नाही. तू आलास, डबा उचललास आणि गेलास. मी तुला सांगितलं नाही, कारण हात लावू नको म्हणाला होतास.

केंद्रातल्या लोकांना आपली बत्ती कुठं आहे ते काय माहीत. त्यांनी जशी आली तशी दाखवली.

ती संध्याकाळ तुझ्या पडवीत. चाचा इस्त्रीचा शर्ट घालून बायको, मुलगे, सुना असे सगळे घेऊन आले होते. राजिवड्यातून आणखी पाचसहा तांडेल. वहिनींनी साठ माणसांचा चहा केला होता. चाचा पडद्यावर आले, आणि शर्टाचा खिसा उजवीकडं. आधी सून हसली. मग मागची टेकडी दिसली, तीही उजवीकडं, आणि तांडेल एकमेकांकडं बघायला लागले. होडीचं नाव चौकटीत असतं तर उलटी अक्षरं पाहून केंद्रातल्या शिपायालाही कळलं असतं, पण नाव चौकटीत नव्हतं. चाचांनी आपला डावा हात वर करून त्याच्याकडं पाहिलं, मग उजवा. मग शांतपणे म्हणाले, "दत्ता, बत्ती उजव्या हाताला धरून मी आत आलो तर होडी वाळूवर चढंल रे."

मला त्याच क्षणी कळलं. तुकड्याच्या सुरुवातीला माझ्या जोडपट्टीची जाड रेघ सरकून गेली होती. सगळे तुझ्याकडं बघत होते, आणि मी टीव्हीकडं बघत होतो, इतकं लक्ष देऊन की जसा काही मीच तो बनवलाय. मग तुझा आवाज आला. "चूक माझी, चाचा."

त्यानंतर मी जे केलं त्याची आठवण झाली की मला अजून घाम फुटतो. दुसऱ्या दिवशी मी तुला रस्त्यात गाठून झापलं. म्हातारा माणूस, चाळीस वर्षांचं नाव, आणि तू असा निष्काळजीपणा करतोस, वगैरे. बराच वेळ बोललो. तू ऐकून घेतलंस आणि 'बरं' म्हणालास. आता वाटतं, मी इतका मोठ्यानं बोलत होतो ते मलाच काही ऐकू येऊ नये म्हणून.

चाचांना वर्षभर धक्क्यावर त्रास झाला. पोरंसोरंसुद्धा विचारायची, चाचा, बत्ती कुठल्या हाताला? आपल्याकडून केंद्राला पत्रं गेली. रत्नागिरीकर इतर बाबतीत आळशी, पण तक्रारीचं पोस्टकार्ड लिहायला एका पायावर तयार. साहेबांनी तुझ्याकडं खुलासा मागितला. ज्याला स्वतःच्या गावचं डावं उजवं कळत नाही त्याच्यावर आणखी चार माहितीपट कसे सोपवायचे, असं त्यात होतं. खाजगीत त्यांनी निरोप पाठवला होता म्हणे की कुणा मदतनिसानं घाईत जोडलं असं लिही, मी सांभाळून घेतो. हे मला वहिनींनी परवा सांगितलं.

तू मागच्या खोलीत बसून खुलासा लिहिलास आणि मला वाचून दाखवलास. दोनच वाक्यं होती. जोड चुकली आहे, आणि ती जोड माझी आहे. वाचून झाल्यावर तू थांबलास. तू कधी उगाच थांबायचा नाहीस, मोजून थांबायचास. ती शांतता माझ्यासाठी ठेवलेली होती, दत्ता. ती मला तेव्हाही कळली. आणि मी विचारलं, "चहा घेणार?" तू कागदाची घडी घातलीस, पाकिटात घातलीस, आणि पाकीट पोस्टात टाकायला माझ्याच हातात दिलंस. मी टाकून आलो.

चार माहितीपट गेले. पुढं फिल्मही गेली, सगळं टेपवर आलं, आणि मोठमोठ्या सिनेमांना कात्री लावलेला माणूस दोन व्हीसीआर शेजारी शेजारी ठेवून लोकांची लग्नं कापायला लागला. मी शूटिंग करायचो, तू कापायचास. कधी तोंड वाकडं केलं नाहीस. उलट वऱ्हाडाइतकाच रस. नवऱ्याच्या काकांचं बारा मिनिटांचं भाषण चाळीस सेकंदांवर आणलंस म्हणून ते काका माझ्या दुकानात येऊन बसले होते. तू त्यांना आत नेऊन दाखवलंस की उरलेल्या चाळीस सेकंदांत ते किती रुबाबदार दिसतात. त्यांनी तीन कॅसेट जास्तीच्या नेल्या.

आणि सावर्ड्याचं ते लग्न. वऱ्हाड निघालं आणि मी कॅमेरा बंद करायचा विसरून तो तसाच खुर्चीवर ठेवून जेवायला गेलो. रिकामा मांडव, आणि कुठूनशी मुलीची आई आली. सतरंजी झटकली, घडी घालायला लागली, अर्ध्यात थांबली, परत उलगडली आणि पुन्हा घडी घातली. मी म्हटलं, पुसून टाक, माझी चूक आहे. तू म्हणालास, चुकीचं काय करायचं ते माझ्यावर सोड. कॅसेटचा शेवट तू त्यावर केलास. पूर्ण ठेवलंस, एक सेकंद कापला नाहीस. सासरी ती मुलगी रोज दुपारी तेवढंच लावून बघते असं नंतर तिच्या भावानं सांगितलं. त्या दिवशी मी तुला खरं सांगणार होतो. तोंडापर्यंत आलं होतं. तू नेमका उठलास आणि गेलास.

या पाच वर्षांत आपण मांडवीला फिरायला गेलो की किल्ल्याकडं बघून तू हमखास विचारायचास, "मध्या, बत्ती कुठल्या हाताला रे?" मी म्हणायचो, गप रे. मला वाटायचं, स्वतःचीच टर उडवतोयस. दमलेला होतास, तुलाच वाटत असेल की आपल्या हातून झालं. खरंच, पाच वर्षं मी स्वतःला असं समजावलं. स्वतःची जोड कुठली आणि मधूची कुठली, हे न कळायला तू काय आंधळा होतास का? त्या खोलीच्या किल्ल्या दोनच होत्या.

तर कालचं. तुला सोडलं. तुझ्या भावानं हात जोडले, चाचांनीही डोक्यावर रुमाल टाकून तोंडातल्या तोंडात काही म्हटलं. परत फिरलो. भरती होती, पट्टा पाण्याखाली. मी चाचांच्या समोर बसलो होतो, म्हणजे जिथून कॅमेऱ्यानं त्यांना पाहिलं होतं तिथंच. तेच ऊन, तीच टेकडी. आणि चाचा माझ्याकडं न बघता म्हणाले, "मधू, बत्ती कुठल्या हाताला?"

यावेळी ज्याला 'गप रे' म्हणावं तो तू समोर नव्हतास.

मी म्हटलं, "डाव्या." मग म्हटलं, "चाचा, तो तुकडा मी जोडला होता. दत्तानं नाही."

 होडी पट्ट्याजवळ आली होती, तिथं चाचा कुणाशीच बोलत नाहीत. सुकाणू किंचित दाबलं, पाण्याचा रंग बदलला, आम्ही पलीकडं आलो. मग म्हणाले, "ठाव हाय. दत्तानं त्याच आठवड्यात येऊन सांगितलान."

मी विचारलं, काय म्हणाला?

"म्हणाला, चाचा, मधूला कोण काय बोलू नका. तो आपणहून सांगंल. वायच वेळ लागंल त्याला."

वायच वेळ. थोडासा, म्हणे. पाच वर्षं तुम्ही दोघं वाट बघत बसलात, धक्क्यावर टवाळी सोसत, लग्नांच्या कॅसेटी कापत, आणि मला चहा पाजत. इतका राग आला मला तुझा. एकदा कॉलर धरून विचारायचं होतंस. आणि त्याच वेळी वाटलं, असा कोण माणूस मला पुन्हा भेटणार आहे, माझ्याबद्दल इतक्या खात्रीनं बोलणारा, तेही माझ्या पाठीमागं.

मग मी रडायला लागलो. पूर्ण रडलो, तुझ्या नियमाला न जुमानता. तुझा भाऊ गांगरला. चाचांनी मात्र मान वळवली आणि किनाऱ्याकडं बघत राहिले, धक्का येईपर्यंत. तू असतास तर तूही तेच केलं असतंस.

ज्याला आधी सांगायला हवं होतं त्याला सोडून आल्यावर सांगितलं, हे मला माहीत आहे. पण सांगितलं बघ, आणि आपणहून. तुझं म्हणणं खरं ठरलं, फक्त तू थोडा आधी उठलास.

बत्ती डाव्या हाताला होती, दत्ता. होडी नीट आत आली.

तुझा,
मध्या